बांधीच्या पाण्यावरचे शिकारी आणि तुडतुड्याचा इतिहास



धान गर्भात आला की माझ्या फोनवर एकाच तऱ्हेचे फोटो यायला लागतात. धानाचं बूड, त्यावर तपकिरी ठिपके, आणि खाली एक ओळ: "भाऊ, मावा-तुडतुडा आला, काय मारू जी?" या आठवड्यात असे तिघांचे आले. तिघांनाही मी उलटं विचारलं, की बुडाखालच्या पाण्यावर काय दिसते? एकाने लिहिलं, "पाण्यावर काय राहणार, पाणीच आहे." म्हणून आज औषधाचं नाव न सांगता पाण्यावर काय असते ते सांगतो. गोष्ट लांब आहे, जपान आणि जावापर्यंत जाते. दुपारी जेवण झाल्यावर वाचा.

आधी पाण्यात कोण कोण राहते ते पाहू. चतुर सगळ्यांना माहीत आहे. पण त्याचं लहानपण पाण्यात, चिखलात जाते, तेव्हा त्याला पंख नसतात. खालचा ओठ हातासारखा लांब काढून तो डासाच्या अळ्या, छोटे किडे, प्रसंगी बेडकाचं पिल्लूसुद्धा पकडतो. काळा चकचकीत भुंगेरा असतो, तो पंखाखाली हवा भरून घेऊन बुडी मारतो. पाणविंचू असतो, शेपटीसारखी नळी वर काढून श्वास घेतो. मोठा पाणढेकूण तर बोटभर लांब, चावला की माणूस ओरडतो. थायलंडात त्याची चटणी करून खातात. खाणाऱ्याची हिंमत!

पण धानाच्या कामाचे खरे शिकारी पाण्याच्या आत नाहीत, पाण्यावर आहेत. पाण्याला वरून एक साय असल्यासारखी असते, तिच्यावर ते चालतात. लांब पायांची, सरसर धावणारी निवळी तुम्ही पाहिली असेल. तिच्यापेक्षा किती तरी बारीक एक किडा असतो, जेमतेम दीड मिलिमीटर. वाकून पाहिलं नाही तर धुळीचा कण वाटते. आमच्याकडे त्याचं वेगळं नाव मी कोणाच्या तोंडी ऐकलं नाही. शास्त्रज्ञ त्याला मायक्रोव्हेलिया म्हणतात. तुडतुड्याचं पिल्लू बुडावरून घसरून पाण्यात पडलं, की पाण्यावर जी बारीक लाट उठते ती याला पायाने कळते. एक धावतो, मागून चार-पाच येतात, सोंड खुपसतात आणि काम तमाम. फिलिपाईन्सच्या आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेने १९८७ साली शेतकऱ्याच्या मित्रकिडींवर एक छोटं पुस्तक काढलं. त्यात लिहिलं आहे, की हा एक किडा दिवसाला ४ ते ७ तुडतुडे खातो. एका चुडाभोवती असे दहा-बारा फिरत असतील तर हिशोब तुम्हीच करा.

आता तुडतुड्याची सवय बघा. तो बसतो कुठे, तर पाण्याच्या वर दोन-चार बोटं, बुडाला. धक्का लागला, वारा आला, आपसात गर्दी झाली, की पाण्यात पडतो आणि पोहत परत चुडावर चढतो. रोज कितीक वेळा हे चालते. म्हणजे त्याचं मरण त्याच्या पायाखालीच पसरलेलं आहे. ही गोष्ट आपल्याला आज शास्त्रज्ञ सांगतात, पण पाण्यात पाडून मारायची युक्ती जपानच्या शेतकऱ्यांनी फार आधी वापरली.

जपानात १७३२ साली मोठा दुष्काळ पडला. त्याचं एक मोठं कारण तुडतुडे होते. पश्चिम जपानातली भातं त्यांनी बसवली आणि हजारो माणसं भुकेने मेली. तिकडचा शेतकरी तेव्हा काय करत होता? बांधीतल्या पाण्यावर देवमाशाचं तेल थेंब थेंब टाकायचा. तेल पसरून पातळ थर झाला की काठीने, झाडूने भात झटकायचा. तुडतुडे खाली पडायचे, तेलाने त्यांची श्वासाची छिद्रं बुजायची, मरायचे. १८२६ साली ओकुरा नागात्सुने नावाच्या लेखकाने या रीतीवर चित्रांसकट पुस्तक लिहिलं, गावोगावच्या शेतकऱ्यांना वाचता यावं म्हणून. त्या काळचं आपलं हे पेजच समजा. दुसऱ्या महायुद्धानंतर तेल गेलं आणि बीएचसीची पावडर आली. काम सोपं झालं, पण बांधीतले कोळी आणि पाणकिडेही तिने धुऊन काढले. वर सांगितलेला मोठा पाणढेकूण, जपानी भाषेत तगामे, एके काळी तिथल्या भातशेतीत सर्रास होता. आज तो धोक्यात आलेल्या प्राण्यांच्या यादीत आहे. औषधं, सिमेंटचे पाट, बुजलेली तळी, सगळ्यांचा त्यात वाटा आहे.

आता आपल्या ओळखीच्या काळात येऊ. १९६६ साली फिलिपाईन्सच्या त्याच संस्थेने आयआर-८ हे बुटकं वाण सोडलं. आमच्या बापाच्या पिढीने ते वाण पाहिलं, मागून जया आला. युरिया टाकला की धान लोळायचा नाही, उतारा दुप्पट. यात खोटं काहीच नाही, या वाणांनी पोटं भरली. पण वाणासोबत एक पुडकं आलं: युरिया आणि दर इतक्या दिवसांनी औषध. कीड दिसो न दिसो, तारीख आली की पंप पाठीवर. तोवर तुडतुडा ही भाताची बारकी कीड होती. सत्तरच्या दशकात ती फिलिपाईन्स, इंडोनेशिया, थायलंड सगळीकडे पेटली. आपल्या देशात १९७३-७४ ला केरळात तिने भात जाळला. 'जाळला' हाच शब्द बरोबर आहे. दुरून पाहिलं तर बांधीत मधोमध गोल चट्टा, विस्तव टाकल्यासारखा.

संस्थेने उपाय म्हणून १९७३ ला आयआर-२६ आणलं, तुडतुड्याला दाद न देणारं. दोन-तीन वर्षांत तुडतुड्याची नवी जात तयार झाली आणि तेही खाऊ लागली. मग १९७६ ला आयआर-३६. माणूस वाण बदलत होता, तुडतुडा स्वतःला बदलत होता.

याच काळात पीटर केनमोर नावाचा एक तरुण अमेरिकन फिलिपाईन्सच्या बांध्यांमध्ये उभा राहून मोजत होता. एका बांधीत फवारणी, बाजूच्या बांधीत नाही. दोन्हीकडचे तुडतुडे मोजायचे, कोळी मोजायचे, पाण्यावरचे किडे मोजायचे. न फवारलेल्या बांधीत तुडतुडा होता, पण थोडाच, आणि थोडाच राहिला. फवारलेल्या बांधीत तो आधी कमी झाला आणि नंतर उसळला. १९८० साली त्याने हे सगळं प्रबंधात मांडलं. त्याच वर्षी हाइनरिक्स आणि आपल्या तमिळनाडूचे चेल्लय्या यांनीही दाखवलं, की डेल्टामेथ्रिन, मिथाइल पॅराथिऑन अशा औषधांची कमी मात्रा लागली तर तुडतुड्याची मादी उलट जास्त अंडी घालते.

हे असं का होते ते नीट समजून घ्या, सगळी गोम इथेच आहे. तुडतुड्याची अंडी पानाच्या देठात, आवरणाच्या आत असतात. तिथे औषध पोचत नाही. फवारा वरून पडतो, बुडाच्या झुडपात अर्धाही जात नाही. पण जे पाण्यावर पडते त्याने पाण्यावरचे शिकारी मरतात, आणि येताजाता कोळीही मरतात. आठ-दहा दिवसांनी अंडी फुटतात. पिल्लं बाहेर येऊन बघतात तर खाली पाण्यावर कोणी नाही, वर जाळ्यात कोणी नाही. एक मादी दोनशे-तीनशे अंडी घालते. दुसऱ्या पिढीत काय होते ते आपण सगळ्यांनी पाहिलं आहे. मग शेतकरी म्हणतो, औषध नकली निघालं, आणि आणखी कडक आणतो.

दाणेदार औषधाचं तर विचारूच नका. ते थेट पाण्यातच टाकायचं. फोरेट आपल्याकडे डिसेंबर २०२० अखेर बंद झालं, पण तोवर किती वर्षं ते बांधीत पडलं याचा हिशोब कोणी ठेवला नाही.

आता इंडोनेशिया. या गोष्टीतला मोठा भाग तिथेच घडला.

इंडोनेशियाच्या सरकारने साठच्या दशकाच्या शेवटाला भात वाढवायची मोठी मोहीम काढली. वाण, खत, कर्ज, औषध सगळं सरकारकडून. सुरुवातीला तर विमानांनी फवारणी केली. औषधावर सूट इतकी, की पुढे पुढे किमतीच्या ऐंशी टक्क्यांच्या वर पैसा सरकार भरत होतं आणि वर्षाला दहा कोटी डॉलरपेक्षा जास्त खर्च त्यावर होत होता. फुकटासारखं मिळालं की माणूस वापरतोच. १९७७ साली तुडतुड्याने तिथला दहा लाख टनांपेक्षा जास्त तांदूळ खाल्ला. जगात सगळ्यात जास्त तांदूळ विकत घेणारा देश तो झाला. मग नवीन वाणांनी सावरलं, १९८४ ला देश स्वतःच्या तांदळावर उभा राहिला, राष्ट्राध्यक्ष सुहार्तोंचा रोममध्ये सत्कार झाला. आणि दोनच वर्षांत, १९८६ ला, मध्य जावात तुडतुडा पुन्हा पेटला.

त्यांच्याच देशाचे इदा न्योमान ओका आणि विद्यापीठातले कासुंबोगो उंतुंग असे कीटकशास्त्रज्ञ बरीच वर्षं सांगत होते, की हा तुडतुडा आपण फवारून वाढवला आहे. केनमोर तोवर संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेत आला होता. या वेळी सरकारने ऐकलं. ५ नोव्हेंबर १९८६ ला राष्ट्राध्यक्षांचा आदेश निघाला: भातावर ५७ कीटकनाशकं बंद. एक-दोन नाही, सत्तावन! औषधावरची सूट टप्प्याटप्प्याने कमी केली आणि जानेवारी १९८९ पर्यंत पूर्ण काढली. कोणी म्हटलं असेल, आता देश उपाशी मरणार. औषधाचा वापर निम्म्याच्या खाली आला आणि भाताचं उत्पादन घटलं नाही, वाढतच गेलं.

मला या आदेशापेक्षा त्याच्या पुढचं काम जास्त मोलाचं वाटते. बंदी घालून शेतकरी हुशार होत नाही. १९८९ पासून त्यांनी शेतातच शाळा भरवल्या. पंचवीस-तीस शेतकरी, आठवड्यातून एक सकाळ, पूर्ण हंगाम. बांधीत उतरायचं, चूड हलवायचा, काय पडलं ते मोजायचं, कागदावर चित्र काढायचं, मग आपसात बोलून ठरवायचं. शिकवणारा उत्तर देत नव्हता. "हा कोणता किडा?" विचारलं, तर म्हणायचा, "कुठे सापडला? काय करत होता?" एका झाकलेल्या कुंडीत धान लावून त्यात तुडतुडे आणि एखादा शिकारी सोडायचे आणि दुसऱ्या दिवशी मोजायचे. नव्वदच्या दशकाच्या शेवटापर्यंत दहा लाखांच्या आसपास शेतकरी या शाळांतून निघाले. आज आपला कृषी विभाग गावात 'शेतीशाळा' भरवतो ना, तिचं मूळ गाव जावा आहे. फक्त आपल्याकडे कितीक शेतीशाळा बांधावर फोटो काढून चहा पिऊन संपतात. पाय चिखलात घालणारा कृषी सहायक भेटला तर त्याला सोडू नका. असे आहेत, मी पाहिले आहेत.

जावामध्येच १९९० च्या पुढे सेटल आणि त्यांच्या सोबत्यांनी आणखी एक कोडं सोडवलं. त्यांचा लेख १९९६ ला छापून आला. प्रश्न असा, की रोवणी झाल्या झाल्या बांधीत तुडतुडा नसतो, मग पाण्यावरचे शिकारी आणि कोळी तेव्हा खातात काय? उत्तर चिखलात सापडलं. शेतातला कुजका पाला, मागच्या धसकटाचा अंश, शेणखत हे पाण्यात कुजते. त्यावर बारीक जीव वाढतात. ते खायला डासासारख्या दिसणाऱ्या, पण न चावणाऱ्या माश्यांच्या अळ्या येतात. चिखलात लालसर बारीक अळी दिसते ती यांचीच. या माश्या पाण्यातून लाखोंनी निघतात आणि शिकाऱ्यांचं पहिलं जेवण त्या होतात. त्या जेवणावर शिकारी वाढतात आणि तुडतुडा यायच्या आधी फौज तयार असते. जिथे त्यांनी सेंद्रिय खत जास्त टाकलं तिथे माश्याही वाढल्या आणि शिकारीही. जिथे सुरुवातीलाच फवारलं तिथे फौज उभीच राहिली नाही आणि पुढे तुडतुडा वाढला.

आपल्यासाठी यातला एक मुद्दा फार कामाचा आहे. रोवणीनंतर पहिल्या तीस-चाळीस दिवसांत पान गुंडाळणारी अळी किंवा चार पांढरी पानं दिसली की आपण घाईने पंप काढतो. ती फवारणी सगळ्यात महाग पडते. दुकानात तिची किंमत कमी असते, ती भरावी लागते भारी धान गर्भात आल्यावर.

सेटल यांनी आणखी एक पाहिलं. वायव्य जावात हजारो एकर एकाच वेळी लावायचे आणि मग शेतं बरेच दिवस कोरडी पडायची. तिथे शिकारी उशिरा यायचे. मध्य जावात लहान लहान तुकडे, कुठे रोवणी तर कुठे कापणी, पाणी कुठे ना कुठे असायचंच. तिथे शिकारी लवकर पोचायचे.

हे वाचून मला आपला पूर्व विदर्भ दिसला. आपण बहुतेक एकच पीक घेतो, मग बांध्या पावसाळ्यापर्यंत भेगाळतात. पण आपल्याजवळ एक गोष्ट आहे, ती म्हणजे मामा तलाव. गोंड राजांच्या काळापासून कोहळी लोकांनी बांधलेले, पुढे मालगुजारांकडे गेलेले, आज माजी मालगुजारी म्हणून मामा. त्याशिवाय घरोघरच्या बोड्या. पाणकिड्यांत पंखवाले आणि बिनपंखवाले दोन्ही निघतात, पाणी आटलं की पंखवाले दुसरं पाणी शोधतात. उन्हाळाभर पाणी धरणारा तलाव म्हणजे या फौजेची छावणी, असा माझा अंदाज आहे. माझ्या ज्या बांध्या बोडीला लागून आहेत, तिथे रोवणीनंतर पाण्यावरची हालचाल आधी दिसते आणि सडकेकडच्या बांध्यांत मागून, हे मी चार हंगाम लिहून ठेवलं आहे. कृषी विद्यापीठातल्या कोणी हे नीट मोजलं तर बरं होईल. तलाव गाळाने भरू द्यायचे, बोड्या बुजवून प्लॉट पाडायचे आणि मग तुडतुड्याचं अनुदान मागायचं, हा उलटा धंदा आहे. २०१७ ला तर कापसाच्या बोंडअळीच्या जोडीने धानाच्या तुडतुड्यासाठीही सरकारला मदत जाहीर करावी लागली होती.

एक अडचण मात्र खरी आहे आणि तिच्यावर जाणकारांनी बोलावं. तुडतुडा वाढला की बांधीतलं पाणी तीन-चार दिवस काढा, अशी शिफारस असते. बुडाला हवा लागते, ओल कमी होते, तुडतुडा वैतागतो, हे बरोबरच आहे. पण पाणी काढलं की पाण्यावरचे शिकारी जातात. माझं मत असं, की तुडतुडा थोडा आहे आणि पाण्यावर हालचाल भरपूर आहे तोवर पाणी पातळ ठेवा, दोन बोटं पुरे. बुडाला थर चढायला लागला असेल तर पाणी काढा, तेव्हा कोळ्यांच्या भरवशावर राहा. रोवणीच्या वेळी पट्टा सोडला असेल तर हवा तशीही खेळते. युरिया एकदम ओतू नका, काळाभोर लुसलुशीत धान तुडतुड्याला फार आवडतो.

फवारूच नका असं मी म्हणत नाही. चट्टा पडायला लागल्यावर इतिहास सांगत बसणारा शेतकरी उपाशी राहील. पण आधी मोजा. तमिळनाडूच्या शिफारशीत फुटव्याला एक तुडतुडा ही मर्यादा आहे, आणि चुडाला एक कोळी असेल तर दोन तुडतुडे चालतात. म्हणजे तिथे कोळ्याला सरकारी हिशोबात जागा मिळाली. पाण्यावरच्या किड्याला अजून नाही. मारायची वेळ आलीच तर डेल्टामेथ्रिनच्या कुळातली, म्हणजे पायरेथ्रॉइड औषधं धानात नको. बुप्रोफेझिनसारखं पिल्लांची कात अडवणारं औषध शिकाऱ्यांना त्यामानाने कमी लागते. नोझल बुडाकडे धरा. मात्रा मी इथे लिहीत नाही, लेबल वाचा आणि कृषी अधिकाऱ्याला विचारा.

मोजायची रीत सोपी आहे. सकाळी ऊन चढायच्या आधी जा. धुऱ्यापासून पाच पावलं आत, बांधीत तिरपं चालत दहा चूड निवडा. चुडाला हात लावायच्या आधी वाकून पाणी बघा, तुमची सावली पडू देऊ नका, नाहीतर निवळ्या पळतात. मग चुडाला दोन थापा मारा आणि मनात तीसपर्यंत आकडे म्हणा. पाण्यात पडलेला तुडतुडा परत चढला की कोणी ओढून नेला, ते दिसेल. वहीत चार रकाने करा: तुडतुडे, कोळी, पाण्यावरचे बारीक किडे, निवळ्या. आठवड्यातून एकदा.

ज्या तिघांनी फोटो पाठवले त्यांच्यापैकी एकाने काल मोजलं. चुडाला सहा-सात तुडतुडे, दोन कोळी आणि पाण्यावर "मोजता येत नाही इतके". त्याने पंप परत ठेवला आहे, पुढच्या मंगळवारी पुन्हा मोजणार. बाकी दोघांचे आकडे यायचे आहेत. तुमचेही खाली लिहा, सोबत गावाजवळ तलाव किंवा बोडी आहे का तेही लिहा.